कॉर्नेलचा गोलरक्षक

१९६४ च्या जून महिन्यात मॉन्ट्रियलमध्ये नॅशनल हॉकी लीगच्या सहा संघांची माणसं एकत्र बसली आणि त्यांनी होतकरू पोरांची आपसात वाटणी करून घेतली. चार फेऱ्या, २४ नावं. चौदावं नाव बोस्टन ब्रुइन्सने घेतलं. टोरांटोच्या उपनगरात शाळेत जाणाऱ्या, १६ वर्षांच्या केन ड्रायडन या गोलरक्षकाचं. घेतलं आणि लगेच सोडूनही दिलं. त्याचे हक्क आणखी एका मुलासह मॉन्ट्रियल कॅनेडियन्सकडे गेले, बदल्यात बोस्टनला दोन मुलं मिळाली. त्या दोघांपैकी एकही पुढे लीगमध्ये एक सामनासुद्धा खेळला नाही. ड्रायडनला या देवाणघेवाणीची गंधवार्ता नव्हती. आपल्याला मॉन्ट्रियलनेच निवडलं, असंच तो १९७०च्या दशकाच्या मध्यापर्यंत समजत होता. दरम्यान त्याने बोस्टनचं काय केलं, ते पुढे येईलच.

मॉन्ट्रियलने निवडलं म्हणजे नशीब उघडलं, असं त्या वयाच्या कुठल्याही कॅनेडियन मुलाला वाटलं असतं. हॉकीत नाव काढायचं तर तिथे वाट एकच होती, ज्युनियर हॉकीची. पंधराव्या-सोळाव्या वर्षी घर सोडायचं, संघाच्या गावी अनोळखी कुटुंबात राहायचं, आठवड्याला दोन-तीन सामने खेळायचे, रात्र-रात्र बसने प्रवास करायचा. शाळेत नाव असायचं, पण अभ्यास जमला तर जमला. व्यावसायिक संघच या ज्युनियर संघांना पोसत, त्यामुळे कुठल्या पोराला वर न्यायचं हेही तेच ठरवत. लीगमध्ये संघच सहा, म्हणजे गोलरक्षकाच्या जागा जेमतेम डझनभर. त्या जागेसाठी रांगेत उभं राहायचं सोडून चार वर्षं अमेरिकेतल्या कॉलेजात घालवणं हा जाणत्या मंडळींच्या मते शुद्ध वेडेपणा होता. रेड बेरेन्सनलाही हेच ऐकून घ्यावं लागलं होतं. त्याने मिशिगन विद्यापीठात शिक्षण पूर्ण केलं आणि १९६२ मध्ये कॉलेजचा मोसम संपताच तो थेट मॉन्ट्रियलकडून खेळायला उतरला. पण असं उदाहरण एखादंच. ड्रायडनने ज्युनियरला नकार दिला आणि न्यूयॉर्क राज्यातल्या इथाका गावी, कॉर्नेल विद्यापीठात इतिहास शिकायला नाव घातलं.

हा निर्णय किती धाडसाचा होता हे कळायला गोलरक्षकाचं काम काय असतं ते आधी बघायला हवं. आपल्याकडे बर्फावरची हॉकी खेळतात ती मुख्यतः लडाखमध्ये, गोठलेल्या तळ्यांवर. बाकीच्या भारताला हॉकी म्हटलं की हिरवं मैदान आणि चेंडू दिसतो. इथे चेंडू नसतो. तीन इंच व्यासाची, एक इंच जाडीची, दीडशे ग्रॅमहून जास्त वजनाची कडक रबराची चकती असते, तिला म्हणतात पक. बर्फावर ती उसळू नये म्हणून सामन्याआधी गोठवून ठेवतात. उत्तर अमेरिकेतलं रिंक २०० फूट लांब आणि ८५ फूट रुंद, चारही बाजूंनी फळ्यांनी बंदिस्त, त्यामुळे पक बाहेर जाऊन खेळ थांबतोय असं फारसं होत नाही. प्रत्येक संघाचे पाच स्केटर आणि एक गोलरक्षक. हे पाच जण जीव तोडून पाऊण-एक मिनिट पळतात आणि खेळ चालू असतानाच कठड्यावरून उडी मारून बाकावर येतात, त्यांच्या जागी ताजे पाच जण जातात. गोलरक्षकाला मात्र अशी बदली नाही. वीस-वीस मिनिटांचे तिन्ही भाग त्यालाच उभं राहायचं असतं.

त्याच्यामागे सहा फूट रुंद आणि चार फूट उंच चौकट. समोरून येणाऱ्या पकचा वेग ताशी दीडशे किलोमीटरच्या घरात जाऊ शकतो. शिवाय मध्ये चार-पाच धिप्पाड माणसं जाणूनबुजून नजर अडवत उभी. ड्रायडनच्या काळातले पायाचे पॅड चामड्याचे आणि आत केस भरलेले. सामना पुढे सरके तसे ते बर्फाचं पाणी पिऊन जड होत. मास्क वापरायला लागून तर थोडीच वर्षं झाली होती. १९५९ मध्ये मॉन्ट्रियलचा जाक प्लांत तोंडावर टाके घालून घेऊन मास्कसह पुन्हा बर्फावर आला, तोवर मोठमोठे गोलरक्षक उघड्या चेहऱ्याने उभे राहत. ड्रायडनचा सुरुवातीचा मास्क फायबरग्लासच्या वळ्या जोडल्यासारखा, मध्ये मोठमोठ्या फटी असलेला होता. त्याची उंची सहा फूट चार इंच. गोलरक्षक म्हणजे बुटका, चपळ, खाली वाकून बसणारा अशी तेव्हाची कल्पना. हा सरळ उभा राही, लांब हातपायांनी चौकट झाकून टाके आणि खेळ दुसऱ्या टोकाला गेला की स्टिकचं टोक बर्फावर रोवून, दोन्ही हात तिच्या वरच्या टोकावर ठेवून, हनुवटी हातांवर टेकवून खेळ पाहत राही. हॉकीच्या छायाचित्रांतल्या सर्वांत ओळखीच्या मुद्रांपैकी ही आजही एक आहे.

या कामाची पहिली शाळा घरामागच्या अंगणात भरली. वडील मरे ड्रायडन यांनी अंगण डांबराचं करून घेतलं, दोन्ही टोकांना गोल उभे केले आणि आळीतली पोरं तिथे टेनिसच्या चेंडूने हॉकी खेळू लागली. थोरला भाऊ डेव्ह सहा वर्षांनी मोठा आणि तोही गोलरक्षक. धाकट्याने गोलमध्ये उभं राहणं त्याच्याकडे बघूनच उचललं. मरे ड्रायडन हे नाव पुण्याच्या वाचकांनी लक्षात ठेवावं. भारतात आला असताना उघड्यावर झोपलेली मुलं पाहून हा गृहस्थ अस्वस्थ झाला आणि पत्नी मार्गारेटसोबत त्याने १९७० मध्ये एक संस्था सुरू केली. गरीब मुलांना गादी, चादर, मच्छरदाणी, कपडे आणि शाळेचं साहित्य द्यायचं एवढंच तिचं काम. तिचं पहिलं वाटप पुण्यात झालं. पुढे जगभरातल्या दहा लाखांहून अधिक मुलांपर्यंत ती पोचली. मुलगा अजून प्रसिद्ध व्हायचा होता तेव्हाची ही गोष्ट. घरात खेळ महत्त्वाचा होता, पण माणसाने आयुष्यात आणखीही काही करायचं असतं हे या मुलांना वेगळं सांगावं लागलं नसणार.

कॉर्नेल हे आयव्ही लीगमधलं विद्यापीठ. हार्वर्ड, येल, प्रिन्स्टन यांच्यासह आठ विद्यापीठांचा हा गट खेळासाठी शिष्यवृत्ती देत नाही. घरच्या परिस्थितीनुसार मदत मिळते, गोल अडवले म्हणून मिळत नाही. वर्गात नापास झालात तर संघातून नाव जातं. त्या वेळच्या नियमानुसार पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला मुख्य संघात खेळताच येत नसे, म्हणून १९६५ मध्ये दाखल झालेला ड्रायडन १९६६ च्या हिवाळ्यापासून तीनच मोसम खेळला. मोसमात सामने तीसच्या आसपास. कॉलेजचे सामने बहुतेक शुक्रवारी आणि शनिवारी होतात, उरलेले दिवस तास, ग्रंथालय आणि सराव. ज्युनियरमधला मुलगा तेवढ्याच काळात जवळपास दुप्पट सामने खेळतो.

कमी सामने म्हणजे कमी अनुभव, असा त्यावरचा आक्षेप. मला तो नेहमीच अर्धवट वाटत आला आहे. सामन्यात चूक झाली की पुढच्या सामन्यापूर्वी ती दुरुस्त करायला वेळ लागतो, आणि कॉलेजचा खेळाडू सोमवार ते गुरुवार नेमकं तेच करत असतो. शिवाय तो १८ ते २२ या वयात खेळतो, कधी २४ पर्यंतही. शरीर भरायला आणि डोकं स्थिर व्हायला हाच काळ लागतो. गोलरक्षकांच्या बाबतीत तर हे जास्तच खरं आहे, कारण ते इतर खेळाडूंपेक्षा उशिरा पिकतात.

कॉर्नेलचा प्रशिक्षक होता नेड हार्कनेस. त्याने कॅनडातून खेळाडू आणले, कडक शिस्त लावली आणि इथाकाच्या लायना रिंकला कुणी पाहुणा संघ सहजासहजी जिंकून जाणार नाही अशी स्थिती आणली. ड्रायडनच्या पहिल्याच मोसमात, १९६७ मध्ये, कॉर्नेलने २७ सामने जिंकले, एक हरला, एक बरोबरीत सोडवला आणि अंतिम सामन्यात बोस्टन विद्यापीठाला ४-१ ने हरवून राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं. ईशान्येकडच्या विद्यापीठांचं अजिंक्यपद त्यांनी तिन्ही वर्षं जिंकलं. त्याचे अंतिम सामने बोस्टन गार्डनमध्ये होत. कॉलेजात असतानाच ड्रायडनला त्या इमारतीतला बर्फ, तिथला गोंगाट आणि तिथल्या फळ्या ओळखीच्या झाल्या होत्या. तिन्ही वर्षं देशातल्या सर्वोत्तम कॉलेज खेळाडूंच्या यादीत त्याचं नाव होतं. तीन मोसमांचा हिशेब: ७६ विजय, ४ पराभव, १ बरोबरी.

त्या चार पराभवांतला शेवटचा फार जिव्हारी लागणारा होता. १९६९ च्या मार्चमध्ये राष्ट्रीय अंतिम सामन्यात डेन्व्हर विद्यापीठाने कॉर्नेलला ४-३ ने हरवलं. ड्रायडनचा कॉलेजमधला तो अखेरचा सामना. आणि पुढच्याच मोसमात, तो गेल्यावर, ब्रायन क्रॉपर नावाचा गोलरक्षक घेऊन कॉर्नेल २९ पैकी २९ सामने जिंकून राष्ट्रीय विजेता झालं. पुरुषांच्या अव्वल श्रेणीतल्या कॉलेज हॉकीत असा पूर्ण निर्दोष मोसम आजवर दुसऱ्या कुठल्याही राष्ट्रीय विजेत्याला जमलेला नाही. ड्रायडनच्या आकड्यांमागे केवढा भक्कम संघ उभा होता हे यावरून कळतं, आणि त्याची थोरवी सांगताना हे लपवण्यात अर्थ नाही. तो सोडून गेला त्या वसंतात कॉर्नेल वेगळ्याच कारणाने देशभर गाजत होतं. एप्रिल १९६९ मध्ये कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांनी विलर्ड स्ट्रेट हॉल ताब्यात घेतला होता. व्हिएतनाम युद्धावरून सगळीच विद्यापीठं धुमसत होती. ज्युनियर हॉकीच्या बसमध्ये बसलेल्या त्याच्या वयाच्या मुलांना हे जग वर्तमानपत्रातून दिसत होतं. तो त्याच्या मधोमध राहत होता.

पदवी हाती आल्यावरही त्याने थेट मॉन्ट्रियलचा करार केला नाही. विनिपेगला कॅनडाच्या राष्ट्रीय संघात गेला, कारण तिथे मॅनिटोबा विद्यापीठात कायदा शिकता येत होता. १९७० च्या सुरुवातीला कॅनडाने आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून अंग काढून घेतलं आणि तो राष्ट्रीय संघच मोडीत निघाला. मग ड्रायडनने मॉन्ट्रियलमध्ये मॅकगिल विद्यापीठात कायद्याचा वर्ग धरला आणि सोबत कॅनेडियन्सच्या दुय्यम संघात, व्हॉयाजर्समध्ये, खेळू लागला.

मार्च १९७१ मध्ये त्याला वर बोलावण्यात आलं. १४ मार्चला पिट्सबर्गविरुद्ध पहिला सामना, विजय. सहाच दिवसांनी मॉन्ट्रियलच्या फोरममध्ये बफेलो सेबर्सचा संघ आला. बफेलोचा गोलरक्षक होता डेव्ह ड्रायडन. बफेलोचे प्रशिक्षक पंच इम्लाक यांना भावाविरुद्ध भाऊ हा सामना घडवायचा होता, म्हणून त्यांनी डेव्हला सुरुवातीला उतरवलं. मॉन्ट्रियलने केनऐवजी रोगी व्हाशोंला उभं केलेलं पाहून त्यांनी डेव्हला परत बोलावून घेतलं. दुसऱ्या भागात व्हाशों जखमी झाला, केन बाकावरून उठून गोलमध्ये गेला आणि इम्लाक यांनी तत्काळ डेव्हला पुन्हा बर्फावर धाडलं. लीगच्या इतिहासात दोन सख्खे भाऊ समोरासमोरच्या गोलांत उभे राहिल्याचं ते पहिलंच उदाहरण. मॉन्ट्रियल ५-२ ने जिंकलं. सामना संपल्यावर दोघे रिंकच्या मध्यभागी आले आणि अंगणात शिकलेल्या या दोन भावांनी हजारो लोकांसमोर हस्तांदोलन केलं.

साखळीतले सहा सामने ड्रायडन खेळला आणि सहाही जिंकला. तरी बाद फेरीत त्याला उतरवण्याचा निर्णय म्हणजे जुगारच होता. समोर होतं बोस्टन. तेच बोस्टन, ज्याने त्याला सात वर्षांपूर्वी देऊन टाकलं होतं. त्या मोसमात बोस्टनने ५७ सामने जिंकून ३९९ गोल केले होते. फिल एस्पोझिटोचे एकट्याचे ७६. बॉबी ऑर हा बचावपटू असूनही, गोल आणि गोलला हातभार मिळून, १३९ गुणांवर. लीगच्या विजेत्याला मिळणारा आदल्या वर्षीचा स्टॅनले चषकही त्यांच्याकडेच. पहिला सामना बोस्टनने घेतला. दुसऱ्यात ते ५-१ ने पुढे होते आणि मॉन्ट्रियलने तिथून ७-५ असा विजय खेचून आणला. हा सामना सगळ्या मालिकेचा कणा. पाच गोल खाल्लेल्या नवख्या गोलरक्षकाला प्रशिक्षकाने बाहेर काढलं नाही आणि त्यानेही मान खाली घातली नाही.

मालिका सातव्या सामन्यापर्यंत गेली. १८ एप्रिल, बोस्टन गार्डन. कॉर्नेलच्या दिवसांत ओळखीचं झालेलं तेच रिंक. बोस्टनचे खेळाडू चहूबाजूंनी पक मारत राहिले आणि त्या लांबलचक देहाचा कुठला ना कुठला भाग मध्ये येत राहिला. एस्पोझिटोसारखा मातब्बर खेळाडू या मालिकेत त्याच्यापुढे हतबल झालेला लोकांनी पाहिला. मॉन्ट्रियल ४-२ ने जिंकलं. मग मिनेसोटा, मग शिकागोविरुद्ध आणखी एक सात सामन्यांची अंतिम लढत, आणि १८ मे रोजी स्टॅनले चषक. बाद फेरीतल्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणारा कॉन स्माइथ करंडक ड्रायडनला मिळाला. नवोदितांसाठी असलेला कॅल्डर करंडक त्याला त्याच्या पुढच्या वर्षी मिळाला, कारण नियमानुसार सहा सामने खेळलेला खेळाडू दुसऱ्या वर्षीही नवोदितच ठरत होता. हे दोन करंडक या उलट्या क्रमाने मिळवणारा तो एकमेव खेळाडू आहे.

आणि एवढा गाजावाजा चालू असताना त्या उन्हाळ्यात तो कुठे होता? वॉशिंग्टनला, ग्राहकहक्कांसाठी लढणाऱ्या राल्फ नेडर यांच्या गटात. पाण्याच्या प्रदूषणाविरुद्ध मासेमारी करणाऱ्यांना संघटित करण्याचं काम करत होता. कायद्याचा अभ्यास चालूच होता. १९७३ मध्ये मॅकगिलची पदवी मिळाली. मधल्या काळात, सप्टेंबर १९७२ मध्ये, सोव्हिएत संघाविरुद्धच्या आठ सामन्यांच्या ऐतिहासिक मालिकेत तो कॅनडाकडून चार सामने खेळला. पहिल्या सामन्यात घरच्याच मॉन्ट्रियलमध्ये ७-३ अशी दाणादाण उडाली. मॉस्कोतल्या निर्णायक आठव्या सामन्यात तोच गोलमध्ये होता. ३४ सेकंद उरले असताना पॉल हेंडरसनने गोल केला आणि कॅनडाने सामना ६-५ ने आणि मालिका जिंकली.

त्यानंतर त्याने जे केलं ते कॉलेजात न गेलेल्या त्या काळच्या खेळाडूला करताच आलं नसतं, असं माझं ठाम मत आहे. १९७३ मध्ये पगारावरून संघाशी बोलणी फिसकटली. त्या वर्षी लीगमधला सर्वोत्तम गोलरक्षक तोच होता आणि आपल्याला मिळतात ते पैसे इतर गोलरक्षकांच्या मानाने कमी आहेत असं त्याचं म्हणणं. ज्युनियरमधून आलेल्या खेळाडूपुढे अशा वेळी सहसा दोनच पर्याय असत, मिळेल ते घ्या किंवा घरी बसा. ड्रायडनने तिसरा घेतला. टोरांटोच्या एका वकिली कचेरीत आठवड्याला १३४ डॉलरवर तो उमेदवारी करायला बसला. वकिलीच्या सनदेसाठी ती तशीही करावी लागणारच होती. अख्खा मोसम तो व्यावसायिक हॉकी खेळला नाही. आदल्या मोसमात १८४ गोल खाल्लेल्या मॉन्ट्रियलने त्या वर्षी २४० खाल्ले आणि बाद फेरीच्या पहिल्याच टप्प्यात संघ घरी आला. पुढच्या वर्षी मॉन्ट्रियलने त्याला सुधारित करारावर परत घेतलं.

१९७६ ते १९७९ असे सलग चार चषक मग आले. १९७६-७७ मध्ये तर मॉन्ट्रियल ८० पैकी फक्त आठ सामने हरलं. १९७९ मध्ये, वयाच्या ३१ व्या वर्षी, ड्रायडनने निवृत्ती घेतली. नॅशनल हॉकी लीगमध्ये आठ मोसमांहूनही कमी काळ, २५८ विजय, अवघे ५७ पराभव, सहा स्टॅनले चषक, गोलरक्षकांसाठी असलेला व्हेझिना करंडक पाच वेळा. त्या वयात आणखी चार-पाच वर्षं सहज निघाली असती. पण पुढे काय करायचं हा प्रश्न ज्याला पडलेला नाही, तोच खेळाडू स्वतःहून वेळेवर थांबू शकतो.

निवृत्तीनंतर काही महिन्यांतच तो लेक प्लॅसिडच्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये दूरचित्रवाणीच्या समालोचन कक्षात बसला होता, अल मायकल्स यांच्या शेजारी. २२ फेब्रुवारी १९८०. अमेरिकेने सोव्हिएत संघाला ४-३ ने हरवलं तो सामना. अमेरिकेच्या त्या संघात २० खेळाडू होते आणि जवळजवळ सगळे कॉलेजचे. नऊ एकट्या मिनेसोटा विद्यापीठाचे, चार बोस्टन विद्यापीठाचे. प्रशिक्षक हर्ब ब्रूक्स स्वतः मिनेसोटाचे. गोलरक्षक जिम क्रेगने ३६ फटके अडवले. निर्णायक गोल कर्णधार माइक एरुझिओनीचा. दोन दिवसांनी फिनलंडला हरवून त्यांनी सुवर्णपदक घेतलं. वीसपैकी तेरा पुढे नॅशनल हॉकी लीगमध्ये खेळले. एरुझिओनी मात्र तिथे एकही सामना खेळला नाही. सर्वोच्च क्षणी थांबून त्याने आयुष्याची दुसरी वाट धरली. कॉलेजचे खेळाडू काय करू शकतात याचा यापेक्षा मोठा पुरावा त्या आधी कुणी दिला नव्हता, आणि तो घडताना पाहून लोकांना समजावून सांगणारा समालोचक कॉर्नेलचा होता.

या वाटेवरचे सगळेच ड्रायडन होत नाहीत, हेही सांगायला हवं. कॉलेजात खेळणाऱ्या बहुतेकांचा खेळ पदवीसोबत संपतो. काहींचा त्याच्याही आधी संपतो. ट्रॅव्हिस रॉय हा मेन राज्यातला मुलगा बोस्टन विद्यापीठाकडून खेळायचं स्वप्न घेऊन आला. २० ऑक्टोबर १९९५ ला पहिल्या सामन्यात तो बर्फावर उतरला आणि अकराव्या सेकंदाला फळ्यांवर डोक्याने आदळला. मानेचा मणका मोडला. मानेखालचं शरीर लुळं पडलं. रॉयने त्याच विद्यापीठात शिक्षण पूर्ण केलं, पाठीच्या कण्याच्या दुखापतींसाठी संस्था काढली आणि २०२० मध्ये, वयाच्या ४५ व्या वर्षी त्याचं निधन होईपर्यंत लाखो डॉलर उभे केले. बोस्टन विद्यापीठाने त्याचा २४ क्रमांक कायमचा राखून ठेवला. अकरा सेकंद खेळलेल्या मुलासाठी विद्यापीठाने हे करावं, यात कॉलेज हॉकीचं मोठेपण आहे. जिथे खेळाडूला फक्त त्याच्या गोलांवर मोजतात तिथे हे होत नाही.

कॉलेजच्या सर्वोत्तम खेळाडूला दरवर्षी दिला जाणारा पुरस्कारही अशाच एका नावाने ओळखला जातो. होबी बेकर हा १९१४ मध्ये प्रिन्स्टनमधून बाहेर पडलेला, आपल्या काळातला सर्वांत देखणा खेळाडू. पहिल्या महायुद्धात लढाऊ वैमानिक झाला आणि युद्ध संपल्यावर, घरी परतण्याचा हुकूम हातात आलेला असताना, डिसेंबर १९१८ मध्ये फ्रान्सला दुरुस्त केलेलं विमान तपासताना कोसळून गेला. १९८१ मध्ये सुरू झालेला हा पुरस्कार पहिल्यांदा मिळाला नील ब्रोटनला. तो लेक प्लॅसिडच्या संघातलाच.

आज नॅशनल हॉकी लीगमधला साधारण दर तिसरा खेळाडू अमेरिकन कॉलेजातून आलेला असतो. व्यावसायिक संघ मुलाला अठराव्या वर्षी निवडतो, पण मुलगा कॉलेजात शिकत राहू शकतो आणि संघाचा हक्क काही वर्षं टिकतो, ही सोय या बदलामागे आहे. तरीही कॅनडाच्या मुलापुढचा पेच दीर्घकाळ सुटला नव्हता. ज्युनियर लीगमध्ये मिळणाऱ्या भत्त्यामुळे अमेरिकन विद्यापीठांची क्रीडासंघटना त्या खेळाडूंना व्यावसायिक मानत असे आणि तिथे खेळलेल्याला कॉलेजचं दार बंद होई. पंधरा-सोळा वर्षांच्या मुलाने एकदा निवड केली की माघार नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये हा नियम रद्द करण्याचं ठरलं आणि १ ऑगस्ट २०२५ पासून ज्युनियरच्या मुलांना कॉलेज खुलं झालं. त्याच उन्हाळ्यात गॅव्हिन मॅकेना या कॅनडातल्या सर्वाधिक चर्चेतल्या तरुण खेळाडूने पेन स्टेट विद्यापीठ निवडलं. ड्रायडनच्या वेळी जाणत्यांनी ज्याला वेडेपणा म्हटलं, तो निर्णय आता देशातला सर्वांत गुणी मुलगा उघडपणे घेतो. मुलींच्या बाबतीत तर कॉलेज हीच कायम मुख्य वाट राहिली आहे. उत्तर अमेरिकेत महिलांची भक्कम व्यावसायिक लीग जानेवारी २०२४ मध्ये उभी राहिली आणि तिच्यातल्या खेळाडू मोठ्या संख्येने विद्यापीठांतूनच आल्या.

ड्रायडन पुढे टोरांटो मेपल लीफ्स संघाचे अध्यक्ष झाले, २००४ मध्ये खासदार म्हणून निवडून आले आणि सामाजिक विकास खात्याचे मंत्री झाले. कॅनडातल्या दहाही प्रांतांशी त्यांनी बालसंगोपनाचे करार केले. सरकार बदललं आणि नव्या सरकारने ते रद्द केले. हॉकीत डोक्याला होणाऱ्या इजांवर त्यांनी पुस्तक लिहिलं आणि लीगच्या धुरिणांना थेट जाब विचारला. ज्या खेळाने सगळं दिलं त्याच्यावर प्रेम करत असतानाच त्याच्या चुका दाखवायला जो अभ्यास लागतो, तो त्यांच्याकडे होता. कॅनेडियन्सने २००७ मध्ये त्यांचा २९ क्रमांक निवृत्त केला, कॉर्नेलने २०१० मध्ये १ क्रमांक. ५ सप्टेंबर २०२५ रोजी कर्करोगाने त्यांचं निधन झालं, तेव्हा ते ७८ वर्षांचे होते.

त्यांनी १९८३ मध्ये लिहिलेलं ‘द गेम’ हे पुस्तक मिळवून वाचा. निवृत्तीच्या वर्षातल्या थोड्या दिवसांची ती हकिगत आहे, कुणा लेखनिकाला सांगून लिहवून घेतलेली नाही, स्वतः बसून लिहिलेली. ड्रेसिंग रूममधली थट्टामस्करी, बसमधले कंटाळवाणे तास, खेळाडूला मिळणारी आणि हळूहळू ओसरणारी प्रसिद्धी, आणि गोलमध्ये एकट्याने उभं राहिलेल्या माणसाच्या मनात काय चालतं, हे सगळं त्यात इतक्या बारकाईने आलं आहे की हॉकीचा एकही सामना न पाहिलेल्यालाही ते धरून ठेवतं. मराठीत खेळाडूंची चरित्रं पुष्कळ आहेत, पण खेळाडूने स्वतःच्या खेळाचा इतका खोल विचार करून लिहिलेली पुस्तकं थोडी. एखाद्या मराठी प्रकाशकाने हे पुस्तक भाषांतरासाठी जरूर हाती घ्यावं.